विल्किन्ससाहेबांच्या घंटा

परंड्याच्या एसटी स्टँडवर कुर्डुवाडीची गाडी उभी होती. टपावर माझी ट्रंक चढत होती आणि अब्बा खालून हमालाला बजावत होते, "आडवी ठेव, आडवी. उभी ठेवू नको." ट्रंकेत फुटण्यासारखं काहीच नव्हतं. साड्या होत्या, एक गोधडी होती, शेंगाच्या चटणीचा पितळी डबा होता. पण त्या दिवशी अब्बांना दुसरं काही बोलायला सुचत नव्हतं.

अम्मा त्या स्टँडवर पहिल्यांदाच आली होती. भिंतीकडेला उभी राहून ती माझ्याकडे न बघता गाडीकडेच बघत होती. शेजारच्या शांताकाकू तिच्या सोबतीला आल्या होत्या. त्यांची मजल तुळजापूरपर्यंतची. त्यांनी मला विचारलं, "लई लांब व्हय गं? तुळजापूरच्या पुढं?"

"खूप पुढं, काकू. बोटीनं जायचं."

"मग मधी उतरता येत न्हाय?"

मी हसले. अम्मा हसली नाही. गाडी सुरू झाली तेव्हा ती खिडकीपाशी आली आणि एवढंच म्हणाली, "सर्दी में सर खुला मत रख." अब्बा म्हणाले, "खत लिखते जा. अपने हाथ से." दोघांची ती शेवटची वाक्यं. त्यातलं अम्माचं तर तिच्या तोंडून ऐकलेलं खरोखरच शेवटचं ठरलं.

तुम्ही जे परंड्यात राहिलात, आणि जे माझ्यासारखे कुठंकुठं निघून गेलात, त्या दोघांसाठीही मी हे लिहिते आहे. तिथल्यांनी मला नेहमी विचारलं, तिकडं तू करतेस काय? आणि बाहेर गेलेल्यांनी कधीच विचारलं नाही, कारण प्रत्येकाला आपापलं सांगायचं असतं.

मी मराठीत लिहिते याचंही काहींना नवल वाटतं. आमच्या घरात दखनी बोलायचे. अब्बा तहसील कचेरीत पेशकार होते आणि त्यांचं सगळं आयुष्य उर्दूत गेलं होतं. मग निजामाचं राज्य गेलं, पुढं जिल्हा मुंबई राज्यात गेला आणि कचेरीतली उर्दू एकेका टेबलावरून उठत गेली. अब्बांच्या टेबलावरची उठली तेव्हा त्यांचे केस पिकायला लागले होते. मी मराठी शाळेत शिकलेली. संध्याकाळी कचेरीतून आले की ते माझी जुनी पाटी घेऊन बसायचे आणि मी त्यांना अक्षरं गिरवायला लावायची. 'ळ' काढताना त्यांचा हात अडायचा. एकदा चिडून म्हणाले, "ये हरफ है या जिलेबी?" पण शिकले. म्हणून पुढं मला इंग्लंडला त्यांची जी पत्रं आली ती मराठीत आली. उर्दूत लिहिणं त्यांना किती सोपं गेलं असतं. पण मी शिकवलेल्या अक्षरांत ते मला लिहीत राहिले.

माझे पती शौकत कळंबचे. हैदराबादेत डॉक्टरकी शिकले आणि इंग्लंडच्या मध्यभागातल्या एका गिरणीच्या गावात, तिथल्या इस्पितळात नोकरीला लागले. आधी ते गेले, वर्षभरानं मी. गावात मोजे आणि बनियन विणायच्या गिरण्या होत्या. लाल विटांची एकसारखी घरं. आमचं घर त्यातलंच एक. शौकत सकाळी जायचे, कधी रात्री यायचे, कधी दुसऱ्या दिवशी. आले की इतके दमलेले असायचे की जेवता जेवता डोळे मिटायचे. मी त्यांना दोष देत नाही. पण दिवसभर त्या घरात माझा आवाज मला ऐकू यायचा नाही, कारण बोलायला कुणीच नसायचं. परंड्यात दार कधी बंद नसायचं. इथं दार कुणी वाजवलंच नाही.

बाजाराला गेलं तर बाया मोठ्यानं आणि सावकाश बोलायच्या, जणू मी बहिरी आहे. मॅट्रिकपर्यंत इंग्रजी शिकले होते, मला समजायचं. पण उत्तर जुळवेपर्यंत त्या दुसरीकडं वळलेल्या असायच्या. पुढं पुढं मी उत्तरं जुळवणंच सोडलं.

गावात एक बाग होती आणि बागेत एक उंच विटांचा मनोरा. पहिल्या महायुद्धात त्या गावची जी पोरं मेली त्यांच्या आठवणीत तो बांधलेला. आत सगळ्यात वर चाळीसेक घंटा टांगलेल्या. मोठी घंटा बैलाएवढी, लहानातली लहान पाणी प्यायच्या भांड्याएवढी. गुरुवारी आणि रविवारी दुपारी त्या वाजायच्या. नुसत्या ठणठण नाहीत, पूर्ण गाणी. त्याला कॅरिलन म्हणतात हे मला नंतर कळलं. मला एवढंच कळलं होतं की त्या वेळेला बागेतल्या बाकावर बसलं की गावात माझ्याशी कुणीतरी बोलतं आहे असं वाटतं. सावकाश नाही, मोठ्यानं नाही. सगळ्यांशी बोलतात तसं.

एका गुरुवारी मनोऱ्याचं दार उघडं दिसलं. राखणदार डेव्हिस, एका पायानं लंगडणारा म्हातारा, म्हणाला, वर जायचं असेल तर जा, कुणीच जात नाही. गोल गोल दगडी जिना. वर चढून एका लहान खोलीपाशी आले आणि सवयीनं चपला बाहेर काढल्या, दर्ग्यात जाताना काढतो तशा. आत एक म्हातारा माणूस बाकावर बसून दोन्ही मुठींनी लाकडी दांड्यांवर मारत होता. पायांनी खालच्या पट्ट्या दाबत होता. प्रत्येक दांड्यापासून एक तार छतातून वर गेलेली. वर घंटा जागेवरच, हलत नाहीत. तारेनं फक्त त्यांची जीभ ओढली जाते. तो एकटा, भिंतीकडं तोंड करून, घामाघूम, आणि बाहेर गावभर गाणं.

संपल्यावर त्यानं मागं पाहिलं. माझ्या साडीकडं नाही, पायांकडं.

"पायांत घाला," तो म्हणाला. "फरशी बर्फासारखी आहे. इथं देव नाही, फक्त वारा आहे."

ते विल्किन्ससाहेब. गिरणीत विणकामाची यंत्रं दुरुस्त करायचे, निवृत्त झाले होते. बायको वारलेली, मूल नाही. बोलणं कमी. पण बोलायचे ते साध्या आवाजात, आणि उत्तर येईपर्यंत थांबायचे. त्या देशात माझ्या उत्तरासाठी थांबलेला तो पहिला माणूस.

पुढच्या गुरुवारी मी परत गेले, त्याच्या पुढच्याही. काही महिने मी नुसती बघत बसायची. एक दिवस ते म्हणाले, "नुसतं बघून काय होणार?" खालच्या मजल्यावर सरावासाठी तसेच दांडे होते. त्यांच्या टोकाला घंटा नव्हत्या, लहान लोखंडी पट्ट्या होत्या, म्हणजे चुकलं तरी गावाला कळू नये. तिथं त्यांनी मला बसवलं. बोटं मिटायची, करंगळीच्या कडेनं मारायचं. मनगट सैल. मला वाद्याचा गंध नव्हता. आमच्या घरात मुलींनी गाणं-वाजवणं हा विषयच नव्हता. पण भाकरी थापलेले हात होते, कांडण केलेले खांदे होते. त्यांनी मला एक धडा दिला. पाच सूर वर जाणारे, पाच खाली येणारे, मग तेच डाव्या हातानं. तेवढंच मी कितीतरी आठवडे वाजवलं.

करंगळ्या सुजल्या. शौकतांनी एकदा जेवताना माझा हात धरला.

"हे काय झालं?"

मी सांगितलं. मला वाटलं, आता म्हणतील, इस्पितळात लोक काय म्हणतील. म्हणाले ते वेगळंच. "माझ्यामुळं तुम्हाला तिथं जावं लागलं का?"

"तुमच्यामुळं नाही. माझ्यासाठी जाते."

त्यांनी कपाटातून औषध आणलं, करंगळीला पट्टी बांधली, आणि रविवारी सुट्टी असली की बागेत येऊन बसायला लागले. पण रविवारी सुट्टी क्वचितच असायची.

अब्बांना मी कळवलं. त्यांचं उत्तर आलं की अम्मा काळजीत पडली होती. गिरजाघराची घंटा वाजवते का पोरगी? अब्बांनी तिला समजावलं की गिरजाघर नाही, लढाईत मेलेल्या पोरांची आठवण आहे. त्यावर ती म्हणाली, "मरे हुए बच्चों के वास्ते बजाती? फिर बजाने दो." अब्बांनी हे तिच्या शब्दांत लिहिलं होतं, देवनागरीत. मी विल्किन्ससाहेबांना त्याचा अर्थ सांगितला. त्यांनी डोक्यावरची टोपी काढून हातात धरली.

अम्मा गेल्याचं मला फार उशिरा कळलं. भाईजाननं तार केली ती आमच्या जुन्या पत्त्यावर गेली. आम्ही दोन गल्ल्या सोडून घर बदललं होतं. ती तिथंच पडून राहिली, आणि मग पत्र आलं. दफन होऊन कितीतरी दिवस झाले होते. पत्र आलं तो गुरुवार. शौकत इस्पितळात. मी पत्र घडी करून ठेवलं, डोक्यावरून पदर घेतला आणि मनोऱ्यावर गेले. कारण दुसरं कुठं जायचं हे मला माहीत नव्हतं.

तोवर विल्किन्ससाहेब मला शेवटची दोन गाणी वर, खऱ्या घंटांवर, वाजवू द्यायचे. त्या दिवशीही मी वाजवली. संपल्यावर त्यांनी थर्मासमधला चहा झाकणात ओतून माझ्यापुढं धरला.

"डावा हात आज मागं राहत होता," ते म्हणाले. "काय झालंय?"

मी सांगितलं.

"त्यांचं नाव काय?"

"आमिना."

त्यांनी दोनदा म्हणून पाहिलं. नीट आलं नाही. तिसऱ्यांदा आलं. मग ते मला शिडीनं वर, घंटांपाशी घेऊन गेले. एका मधल्या घंटेवर हात ठेवला. तिच्यावर ओतलेल्या अक्षरांत एक नाव होतं, त्यांच्याच आडनावाचं. "माझा धाकटा भाऊ," ते म्हणाले. "फ्रान्समध्ये कुठंतरी पुरलाय. आईला जागा कधी कळली नाही. ही घंटा लागली तेव्हा ती म्हणाली, निदान आवाज तरी आहे." मग ते खाली उतरले आणि नेहमीप्रमाणं डबा, मफलर आवरायला लागले. मी वर थोडा वेळ थांबले. मला अम्मासाठी तिथं रडता आलं. घरी आलं नव्हतं.

पुढच्या थंडीच्या सुरुवातीला त्यांच्या छातीत दुखायला लागलं. शौकतांनी तपासलं आणि स्पष्ट सांगितलं, जिना चढायचा नाही. विल्किन्ससाहेब आमच्या स्वयंपाकघरात बसले होते. माझ्या हातची खिचडी त्यांच्यासमोर निवत होती. ते म्हणाले, "मग गुरुवारी तुम्ही वाजवा."

"नगरपालिकेला सांगायला लागेल."

"इतक्यात नको. सांगितलं की ते माझ्या नावानं चहापान करतील, भाषणं करतील, आणि मी संपलो असं होईल. मला थोडे दिवस नुसतं ऐकू द्या."

राखणदार डेव्हिसला माहीत होतं. तो म्हणाला, "मला कुणी विचारलं नाही तर मी कशाला सांगू?" आणि खरंच, कुणी विचारलंच नाही. वाजवणारा कधी कुणाला दिसतच नाही. तो सारा हिवाळा मी वर जात राहिले. वारा भिंतींच्या फटींतून यायचा. हातमोज्यांची बोटं कापून मी ते घालायची. समोर भिंत. खाली गाव बर्फात, आणि त्या गावाला मी हातांनी सांगत असलेलं सगळं ऐकू जातंय, पण मी कोण हे माहीत नाही. वाजवून झालं की खाली एकही टाळी नाही, एकही हाक नाही. नुसती शेवटच्या घंटेची घरघर अंगात उरायची, आणि मी जिना उतरायची.

विल्किन्ससाहेबांचं घर बागेच्या मागंच होतं. घंटांच्या वेळेला ते एवढ्या थंडीत खिडकी उघडी ठेवायचे. शुक्रवारी मी त्यांच्याकडं जायची आणि ते सांगायचे, दुसऱ्या गाण्यात घाई झाली, तिसरं बरं होतं. एकदा म्हणाले, "काल मी विसरलो की मी घरी आहे." ही त्यांनी केलेली एकुलती एक स्तुती.

भाजीच्या दुकानातली बाई एकदा बटाटे तोलता तोलता मला म्हणाली, नेहमीसारखं सावकाश, "काल घंटा ऐकल्या का? आमचे मिस्टर विल्किन्स यंदा काय सुरेख वाजवताहेत."

"हो," मी म्हणाले, "ऐकल्या."

पिशवी घेऊन बाहेर आले. आनंद झाला होता की वाईट वाटलं होतं हे मला त्या दिवशी कळलं नाही. आज वाटतं, आनंदच झाला होता. पण तो सांगायला माणूस नव्हता, आणि न सांगितलेला आनंद अंगावर ओल्या कपड्यासारखा राहतो.

हिवाळा सरता सरता विल्किन्ससाहेब गेले. सकाळी दूधवाल्यानं बाटली तशीच पाहिली आणि पोलिसाला बोलावलं. शौकत इस्पितळातून धावत घरी आले मला सांगायला. माझ्यासाठी कामाच्या वेळेत घरी आले अशी ती एकच वेळ. मी म्हणाले, "तुमचे पेशंट?" ते म्हणाले, "असू द्या." आणि शेजारी बसले.

दोन दिवसांनी दारावर टकटक झाली. काळा कोट घातलेले नगरपालिकेचे एक साहेब.

"मिस्टर विल्किन्स यांच्या अंत्ययात्रेला घंटा वाजाव्यात अशी लोकांची इच्छा आहे," ते म्हणाले. "डेव्हिस म्हणाला, नोव्हेंबरपासून जे वाजवताहेत ते इथं राहतात. मी त्यांना भेटू शकतो का?"

"मीच वाजवते."

त्यांनी माझ्याकडं पाहिलं. मग माझ्या खांद्यावरून मागं, घरात पाहिलं, आत आणखी कुणी आहे का म्हणून. कुणी नव्हतं. गॅसवर डाळ होती.

"सगळा हिवाळा?" त्यांनी विचारलं.

"हो."

"रविवारी पण?"

"रविवारी पण."

त्यांनी हॅट काढली. "माझी आई," ते म्हणाले, "रविवारी खिडकीत बसून ऐकायची." वेळ सांगून ते निघून गेले.

अंत्ययात्रेच्या दिवशी मी लवकर वर गेले. त्या खोलीला खिडकी म्हणून एक अरुंद फट होती, आणि बाकावर बसलं की तीही पाठीमागं जायची. म्हणजे मला काही दिसणार नव्हतं. डेव्हिसनं ठरवलं की गाडी बागेच्या फाटकाशी आली की तो जिन्याच्या लोखंडी कठड्यावर काठी आपटेल. मी काठीचा आवाज येईपर्यंत हात मांडीवर ठेवून बसले. ज्या एका माणसाशी मी त्या देशात बोलत होते तो खालून जाणार होता, आणि त्याला निरोप द्यायला मी तेवढी खाली नसणार होते. अम्माच्या वेळेला समुद्र मधे होता. आता नुसता एक जिना.

काठी वाजली. मी त्यांच्या आवडीचं भजन वाजवलं. मग जे जे त्यांनी शिकवलं ते. मग हात आपोआप त्या पहिल्या धड्यावर आले. पाच सूर वर, पाच खाली, मग डाव्या हातानं. खालच्या लोकांना वाटलं असेल, ही अडखळली. पण ते सूर फक्त आम्हा दोघांच्या ओळखीचे होते. ते मी सावकाश वाजवले, ते उत्तरासाठी थांबायचे तसे मधे थांबत थांबत.

खाली आले तेव्हा बाग रिकामी होती. लोक दफनभूमीकडं आणि मग चहाला गेले होते. माझ्यासाठी थांबावं असं कुणाच्या मनात आलं नाही. त्यात त्यांचा दोष नव्हता. घंटा संपल्या की संपल्या, त्यांच्यामागून कुणी जिना उतरून येतं हे लोकांच्या लक्षात नसतं. डेव्हिसनं दाराला कुलूप लावलं आणि म्हणाला, "मी तिकडं चाललोय. येता?"

आमच्याकडं बायका कबरस्तानात जात नाहीत. मी गेले. लोक पांगले होते. माती अजून ओली होती. डेव्हिसनं हॅट छातीशी धरली. मी वाकून एक मूठ माती उचलली आणि टाकली. मग आणखी एक, अम्माच्या नावानं. आमच्यात तीन मुठी टाकतात, पण तिसरी टाकताना मला कुणाचं नाव आठवलं नाही. ती अशीच टाकली.

नगरपालिकेनं ते काम मग माझ्याकडं दिलं. वर्तमानपत्रात चार ओळी आल्या, माझं नाव चुकीचं छापून. भाजीवाली म्हणाली, "म्हणजे तुम्ही होता होय!" आणि त्यानंतर ती माझ्याशी सावकाश बोलायची बंद झाली. घरी कुणी बोलावलं, तर मी काहीतरी सबब सांगायची. आज जमणार नाही, शौकत यायचे आहेत. खरं कारण वेगळं होतं. मनातल्या मनात मी परत जाण्याच्या बेतात होते. ज्याला परत जायचंय त्यानं कुणाच्या घरी कशाला बसावं?

मग आम्ही एकदा परंड्याला आलो, सहा-सात वर्षांनी. स्टँडची जागा तीच, पण सगळं लहान झालेलं. शांताकाकू थकल्या होत्या. मला हातांनी चाचपून म्हणाल्या, "वाळलीस गं. तिकडं भाकरी मिळत न्हाय व्हय?" घरात भाभी, तिची मुलं, सगळ्यांनी माझं फार केलं. मला पाटावर बसवून वाढलं. आपल्याच घरात पाहुण्यासारखं वाढलेलं ताट समोर आलं आणि मला एक घास उतरेना. भाभीची चूक नव्हती. ती मला ओळखतच नव्हती.

अब्बांना कमी ऐकू यायला लागलं होतं. दुपारी अंगणात बाजेवर आम्ही दोघंच होतो. त्यांनी विचारलं, "बजाती कैसे, दिखा तो सही."

बाजेची लाकडी चौकट होती. मी तिच्यावर मुठी मारून दाखवल्या. ते म्हणाले, "पूरा बजा." मग मी जमिनीवर बसले आणि चौकटीवर अख्खं गाणं वाजवलं, पायांनी जमिनीवर पट्ट्या दाबत. आवाज नुसता धपधप. अब्बांनी चौकटीच्या दुसऱ्या टोकाला तळहात टेकवला आणि डोळे मिटले. भाभीची मुलं दारात उभी राहून खिदळत होती. अब्बांनी हात काढला नाही. गाणं संपल्यावर म्हणाले, "और." मी आणखी एक वाजवलं.

"कितने लोग सुनते?"

"सारा गाँव," मी म्हणाले.

"घर को बुलाते?"

मला खोटं बोलवेना. "बुलाते. मैं जाती नहीं."

त्यांनी माझा हात हातात घेतला. मग मराठीत बोलले. मराठी ते फक्त कचेरीत आणि माझ्या पत्रांत वापरायचे. घरात माझ्याशी ते मराठीत बोलले ती पहिलीच वेळ. "मी पन तसाच बसलो होतो," ते म्हणाले. "कचेरी बदलली, सगळे मराठीत बोलायला लागले. मला वाटायचं, जुने दिवस येतील परत, तवर गप बसू. मग तू पाटी दिलीस. बेटा, बोलावलं की जात जा. इथं यायची वाट बघत तिथं बसू नको. इथं आता तुझ्यासाठी काही थांबलेलं न्हाय."

ऐकायला कठोर होतं. पण हे त्यांनी माझा हात हातात धरून, करंगळीवरचा घट्टा अंगठ्यानं चोळत सांगितलं. दोन वर्षांनी ते गेले. या वेळी तार वेळेवर आली, पण पोचणं काही झालं नाही.

आता परंड्यात मी नाही म्हणून कुणाला काही अडत नाही, आणि ते बरोबरच आहे. तिथल्या लोकांनी माझी जागा भरून काढली, कारण जागा रिकामी ठेवून संसार होत नाहीत. मला 'घरी' म्हटलं की अजून आधी तिकडचंच दार दिसतं, हेही खरं. ज्यांनी गाव सोडलं त्यांना हे सांगायला नको. पण एक गोष्ट सांगते.

अब्बा गेले त्या हिवाळ्यात मला जोराचा ताप आला. शौकत इस्पितळात होते. एक गुरुवार मी उठूच शकले नाही. घंटा वाजल्या नाहीत. मी अंथरुणात पडून ती वेळ निघून जाताना ऐकत होते. पहिल्यांदाच मला कळत होतं की त्या गावात गुरुवारची दुपार माझ्याविना कशी असते. अगदी गप्प.

अंधार पडायच्या आधी दार वाजलं. धरत धरत गेले आणि उघडलं. एक म्हातारी बाई उभी होती. डोक्याला जाळी, अंगात गिरणीतला निळा झगा, हातात फडक्यात गुंडाळलेलं भांडं. मी तिला कधी पाहिलं नव्हतं.

"आज घंटा वाजल्या नाहीत," ती म्हणाली. "मी डेव्हिसला जाऊन विचारलं तुम्ही कुठं राहता. बऱ्या आहात ना?"

तापात माझं इंग्रजी कुठल्या कुठं गेलं होतं. मी दार पूर्ण उघडलं आणि म्हणाले, "या. आत या ना."

तिला शब्द समजले नसतील. पण ती आत आली, भांडं टेबलावर ठेवलं, आणि विचारलं की चमचे कुठं असतात.